दस्त कोणी लिहिला?

दुय्यम निबंधक कार्यालयाबाहेर टेबल मांडून बसणाऱ्या दस्तलेखकाला सरकारने परवाना द्यावा की नाही, यावरून वकिलांच्या आणि दस्तलेखकांच्या संघटना अधूनमधून समोरासमोर येतात. वकील म्हणतात, दस्ताचा मसुदा करणे ही वकिलीच आहे. सनद नसलेल्याला परवाना देणे म्हणजे मागच्या दाराने वकिली करू देणे. दस्तलेखक म्हणतात, खरेदीखत, गहाणखत, बक्षीसपत्र आम्ही पिढ्यान्‌पिढ्या लिहीत आलो, तालुक्याच्या माणसाला परवडेल अशा दरात लिहीत आलो, आमच्या पोटावर पाय का? दोन्ही बाजूंचा युक्तिवाद ऐकला की एक गोष्ट खटकते. सगळा वाद दस्त लिहिण्याच्या हक्काचा आहे. दस्त चुकला, एखाद्याची जमीन त्या चुकीपायी अडकली, तर भरून कोण देणार, याविषयी दोन्हीकडे शांतता आहे. माझे म्हणणे एवढेच, की लिहिणाऱ्याकडे सनद असो वा परवाना, त्याचे नाव दस्तावर आले पाहिजे आणि चुकीची झळ त्यालाही बसली पाहिजे. ही अट मान्य असेल तर दस्तलेखकांना परवाना देण्यात वकिलांचे काही जात नाही. ती मान्य नसेल तर सनदही लिहून देणाराला वाचवत नाही आणि परवानाही नाही.

दस्ताच्या मसुद्याला एवढे महत्त्व का, हे आधी पाहायला हवे, कारण नोंदणीविषयी आपल्याकडे एक मोठा गैरसमज आहे. शंभर रुपये किंवा त्याहून अधिक किमतीच्या स्थावर मिळकतीची विक्री नोंदणीकृत दस्तानेच करावी लागते, असे मालमत्ता हस्तांतरण कायदा, १८८२ चे कलम ५४ सांगते. त्यामुळे ‘रजिस्ट्री झाली’ म्हणजे सरकारने मालकीवर शिक्का मारला, असे लोक धरून चालतात. प्रत्यक्षात नोंदणी कायदा, १९०८ हा दस्ताची नोंद करतो, मालकीची नाही. समोर आलेला माणूस तोच आहे ना, दस्तावर सही आपलीच असल्याचे तो कबूल करतो ना, मुद्रांक पुरेसा आहे ना, हे अधिकारी पाहतो. महाराष्ट्रात काही व्यवहारांसाठी सक्षम अधिकाऱ्याची परवानगी जोडली आहे का, हेही पाहिले जाते. पण विकणाऱ्याकडे विकण्याजोगी मालकी आहे का, हे तपासणे त्याचे काम नाही. तामिळनाडूच्या एका नोंदणी नियमाने मालकीचा पुरावा मागायला सुरुवात केली, तेव्हा सर्वोच्च न्यायालयाने एप्रिल २०२५ मध्ये के. गोपी प्रकरणात तो नियमच मूळ कायद्याशी विसंगत ठरवून रद्द केला. तेव्हा जमीन भोगवटादार वर्ग २ ची आहे, तिच्यावर कुळकायद्याच्या कलम ४३ ची बंधने आहेत, विकायचा तुकडा १९४७ च्या तुकडेबंदी कायद्यात अडकतो, विकणारा आदिवासी खातेदार आहे, सातबाऱ्यावर नाव एकाचे असले तरी हिस्से चौघांचे आहेत, हे सारे ओळखण्याची पहिली आणि बहुधा शेवटची संधी मसुदा करणाऱ्याच्या हातात असते. चतुःसीमा उलटसुलट लिहिली गेली, गट क्रमांकातला एक आकडा चुकला, ‘ताबा दिला’ हे वाक्य साठेखतात सहज घातले गेले आणि त्याने मुद्रांक शुल्काचा हिशेबच बदलला, हे सगळे त्याच टेबलावर घडते.

हा प्रश्न महाराष्ट्राला नवा नाही. १२ मे १८७५ रोजी पुणे जिल्ह्यातल्या सुप्याला बाजाराच्या दिवशी दंगा झाला आणि पुणे-नगर भागात तो पसरला. दख्खनचे दंगे म्हणून इतिहासात नोंदलेल्या या उठावात शेतकऱ्यांचा रोख सावकाराच्या जिवापेक्षा त्याच्या दप्तरावर होता. रोखे आणि खते हिसकावून घेऊन जाळली गेली. लिहिता-वाचता न येणाऱ्या कुळाने ज्या कागदावर अंगठा केला होता, त्यात नेमके काय आहे हे त्याला माहीत नव्हते, आणि दिवाणी न्यायालय मात्र तो कागदच प्रमाण मानत होते. सरकारने चौकशी आयोग नेमला आणि १८७९ मध्ये दख्खन शेतकरी साहाय्य कायदा आला. त्यातली एक तरतूद आजच्या वादात कुणीच आठवत नाही. शेतकऱ्याने करून दिलेला पैशाचा किंवा मिळकतीवर बोजा चढवणारा कागद गावनिबंधकाने स्वतः लिहिलेला किंवा त्याच्या देखरेखीखाली लिहिलेला असला, आणि त्यावर त्याची साक्ष असली, तरच तो पुराव्यात घेतला जाईल, असा नियम झाला. माणसाची ओळख पटवायची, कागद लिहायचा, मोठ्याने वाचून दाखवायचा, मगच सही-अंगठा घ्यायचा, ही त्या गावनिबंधकाची कर्तव्ये होती. राज्यसत्तेने दस्तलेखनाला कर्तव्याची चौकट घातली, ती वकिलांच्या किंवा लेखनिकांच्या मागणीवरून नव्हे, तर कागद जळाल्यावर. तो उपाय अपुरा होता हेही खरे. मोठ्याने वाचून दाखवणे म्हणजे सल्ला देणे नव्हे, आणि ज्याला उद्या बियाण्याला पैसे हवेत तो वाचून दाखवलेल्या जाचक अटीवरही अंगठा उठवतोच. तरी त्या कायद्याच्या कर्त्यांना एक गोष्ट कळली होती: कागद लिहिणारा हा व्यवहारातला निनावी माणूस राहून चालणार नाही.

आता वकिलांचा दावा. तो पोकळ नाही. वकील अधिनियम, १९६१ च्या कलम २९ नुसार विधी व्यवसाय करण्याचा हक्क एकाच वर्गाला आहे, तो म्हणजे वकिलांना. कलम ३० त्यांना सर्व न्यायालयांत आणि प्राधिकरणांपुढे व्यवसायाचा हक्क देते. हे कलम अंमलात यायला तब्बल पन्नास वर्षे लागली, ते १५ जून २०११ रोजी लागू झाले. न्यायालयात उभे राहणे तेवढीच वकिली, मसुदा आणि सल्ला त्यात येत नाही, हा युक्तिवाद मुंबई उच्च न्यायालयाने डिसेंबर २००९ मध्ये लॉयर्स कलेक्टिव्हच्या याचिकेवर फेटाळला. सर्वोच्च न्यायालयानेही मार्च २०१८ मध्ये ए. के. बालाजी प्रकरणात तीच भूमिका घेतली. म्हणजे मसुदा करणे हा वकिलीचा भाग आहे, हे आता ठरलेले आहे. वकिलाला दस्त लिहिण्यासाठी नोंदणी विभागाकडून वेगळा परवाना घ्यावा लागेल असा नियम कुणी केला, तर तो टिकू नये. बार कौन्सिलने दिलेल्या सनदेवर नोंदणी विभागाने आपला शिक्का मारायचा हा उरफाटा कारभार होईल, आणि तिथे वकिलांचा विरोध पूर्ण रास्त आहे.

पण इथून पुढे वकील संघटना जी उडी घेतात ती कायद्यात सापडत नाही. मसुदा ही वकिली आहे, म्हणून वकिलाखेरीज कुणी मसुदा करूच नये, हा निष्कर्ष त्या निकालांतून आपोआप निघत नाही. दोन्ही प्रकरणे परदेशी विधी संस्थांची होती. तालुक्याच्या दस्तलेखकाचा प्रश्न तिथे नव्हताच. मनाई करणारे कलम ३३ तर ‘या किंवा अन्य कोणत्याही कायद्यात वेगळी तरतूद नसेल तर’ अशाच शब्दांनी सुरू होते. दस्तांची नोंदणी हा विषय राज्यघटनेच्या समवर्ती सूचीत आहे. त्यामुळे विधिमंडळ रीतसर कायदा करून दस्तलेखकांना मर्यादित कामाची मुभा देऊ शकते. केरळने १९६० मध्ये आणि तामिळनाडूने १९८२ मध्ये दस्तलेखकांसाठी परवाना नियम केले, कर्नाटक-पंजाबातही असे नियम आहेत. तिथली वकिली त्यामुळे बुडाली असे कुणी म्हणत नाही. एक अट मात्र घातली पाहिजे: हे काम कायद्याने व्हावे, परिपत्रकाने नव्हे. नोंदणी महानिरीक्षक कार्यालयाच्या एका पत्राने दिलेला हक्क दुसऱ्या पत्राने काढून घेता येतो, आणि मग परवाना हे कर्तव्याचे साधन न राहता मर्जीचे साधन होते.

मक्तेदारीचे काय होते, याचा सगळ्यात बोलका पुरावा इंग्लंडमध्ये आहे. तिथे मिळकत हस्तांतरणाचे दस्त मोबदला घेऊन लिहिण्याची मक्तेदारी वकिलांना मिळाली ती १८०४ मध्ये, आणि मिळाली कशी, तर मुद्रांक शुल्काच्या कायद्यात. पंतप्रधान धाकट्या पिटच्या सरकारला वकिलांवरचा कर वाढवायचा होता. त्याच्या बदल्यात हे कुरण त्यांना आंदण दिले गेले. लोकांचे हित वगैरे गोष्टी नंतर चिकटवल्या गेल्या. ही मक्तेदारी जवळजवळ एकशे ऐंशी वर्षे चालली. १९८५ च्या कायद्याने ती मोडली आणि परवानाधारक हस्तांतरण-लेखकांचा नवा व्यवसाय उभा राहिला. आपल्या दृष्टीने महत्त्वाचे आहे ते पुढचे. या नव्या लोकांना नुसता परवाना देऊन सोडले नाही. परीक्षा, व्यावसायिक दायित्वाचा सक्तीचा विमा, ग्राहकाचे नुकसान झाल्यास भरपाईची व्यवस्था आणि स्वतंत्र नियामक परिषद, एवढे सारे त्या परवान्याबरोबर आले. अमेरिकेतल्या कॅलिफोर्नियात कायदेविषयक कागद तयार करून देणाऱ्याला कौंटीकडे नाव नोंदवावे लागते आणि २५ हजार डॉलरचा बॉन्ड द्यावा लागतो. सल्ला देण्याची त्याला मनाई आहे. ही सल्ल्याची मनाई मला फारशी पटत नाही, त्याकडे पुढे येतो. पण बॉन्डमागचा विचार पटतो: आधी जबाबदारीची अनामत, मग काम.

आपल्याकडे परवाना म्हटला की नेमका हाच भाग गळतो. परवाना म्हणजे अर्ज, चलन, एखादा शिफारसवाला, भिंतीवर टांगलेला कागद आणि मुदत संपली की नूतनीकरणाची धावपळ. अब्दुल करीम तेलगीला १९९४ मध्ये मुद्रांक विक्रीचा परवाना मिळाला होता, हे विसरून चालणार नाही. बनावट मुद्रांकांचा एवढा मोठा घोटाळा परवान्याच्या पद्धतीला बगल देऊन नव्हे, तिच्या आडोशाने उभा राहिला. त्यामुळे ‘परवाना दिला की शिस्त येईल’ हा दस्तलेखकांच्या बाजूचा युक्तिवाद मी तसाच्या तसा स्वीकारत नाही. परवान्याने परवानाधारकांची संख्या मर्यादित होते, दर ठरतो आणि बाहेरचा माणूस बाहेर राहतो. यातले काहीही लिहून देणाराच्या भल्याचे असेलच असे नाही.

मग चुकीचा भार आज कोण उचलतो? नोंदणी अधिकाऱ्याने सद्भावनेने केलेल्या किंवा नाकारलेल्या कामाबद्दल त्याच्यावर दावा चालत नाही, असे नोंदणी कायद्याचे कलम ८६ सांगते. वकिलाविरुद्ध ग्राहक आयोगात जाता येत नाही. १४ मे २०२४ रोजी सर्वोच्च न्यायालयाने डी. के. गांधी प्रकरणात वकिलाची सेवा ग्राहक संरक्षण कायद्याबाहेर असल्याचा निर्णय दिला. दिवाणी दावा करता येतो, पण एका दिवाणी दाव्यातून सुटण्यासाठी दुसरा दिवाणी दावा करा, हा सल्ला ऐकणाऱ्याची थट्टा आहे. बार कौन्सिलच्या शिस्तपालन समितीपुढे गेले तर ती समज देऊ शकते, सनद निलंबित करू शकते, नाव काढून टाकू शकते. अशिलाचे बुडालेले पैसे ती मिळवून देत नाही. व्यावसायिक दायित्वाचा विमा वकिलाला सक्तीचा नाही. बँकेला चुकीचा शोध अहवाल देणाऱ्या वकिलावर, कटात सामील असल्याचा पुरावा नसताना, फौजदारी खटला चालवता येणार नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१२ मध्ये के. नारायण राव प्रकरणात म्हटले, आणि ते योग्यच म्हटले. पण एकूण हिशेब पाहिला तर वकिलाभोवती संरक्षणाची तटबंदी बरीच उंच आहे. उरला दस्तलेखक. त्याच्याविरुद्ध ग्राहक म्हणून तक्रार करायला वाव आहे, पण कुणाविरुद्ध? २००१ च्या दुरुस्तीने नोंदणी कायद्यात आलेले कलम ३२-अ दस्त करणाऱ्यांचे फोटो आणि बोटांचे ठसे मागते. हजर असलेल्या प्रत्येकाची ओळख दस्तावर उमटते. ज्याने वाक्ये रचली त्याचे नाव लिहिलेच पाहिजे, असे १९०८ चा कायदा कुठेही म्हणत नाही. घर बांधणाऱ्या गवंड्यापेक्षाही दस्त बांधणारा माणूस अधिक अदृश्य आहे.

याचा सगळ्यात मोठा फटका कुठे बसतो, ते पाहायचे तर हक्कसोडपत्राकडे पाहावे. महाराष्ट्राने १९९४ मध्ये आणि संसदेने २००५ मध्ये मुलींना वडिलोपार्जित मिळकतीत मुलांच्या बरोबरीचा जन्मसिद्ध हिस्सा दिला. २०२० मध्ये विनीता शर्मा प्रकरणाने त्यातली उरलीसुरली शंका मिटवली. कायद्याने दिलेला हा हिस्सा कचेरीत कसा परत जातो? वडिलांच्या पश्चात वारसनोंद होते, भाऊ दस्तलेखक गाठतो, मसुदा तयार होतो, बहिणींना ठरलेल्या दिवशी बोलावले जाते. ‘स्वखुशीने, कोणाच्याही दबावाशिवाय’ हे वाक्य दस्तात आधीच छापलेले असते. मुद्रांक नाममात्र असतो. मसुदा करणाऱ्याला पैसे भावाने दिलेले असतात. इथे मसुदा दस्तलेखकाने केला की वकिलाने, याने बहिणीच्या स्थितीत काही फरक पडत नाही, कारण त्या खोलीत तिच्या बाजूचा कुणीच नाही. कितीतरी बहिणी खरोखर राजीखुशीने हक्क सोडतात, त्यांच्या निर्णयाला नावे ठेवायचे कारण नाही. पण आपण किती किमतीचे काय सोडतो आहोत आणि सोडल्यावर परत मागता येणार नाही, हे तिला भावाच्या खिशातून पैसे न घेतलेल्या माणसाने सांगितले पाहिजे. पडदानशीन आणि निरक्षर स्त्रियांच्या दस्तांबाबत न्यायालयांनी ‘स्वतंत्र सल्ला मिळाला होता का’ हा प्रश्न शंभर वर्षांपूर्वीपासून विचारला आहे. तो विचारला जातो दावा लागल्यावर, वीस वर्षांनी. नोंदणीच्या दिवशी कुणी विचारत नाही.

यातूनच सीमारेषा कुठे आखावी याचे उत्तर मिळते. ‘दस्तलेखकाने लिहावे, सल्ला देऊ नये’ ही कॅलिफोर्नियाची रेषा आपल्याकडे कागदावरच राहील. समोरचा माणूस ‘काय करू?’ असे विचारतो तेव्हाच काम सुरू होते; बक्षीसपत्र करावे की मृत्युपत्र, याचे उत्तर दिल्याशिवाय पहिली ओळही लिहिता येत नाही. त्यापेक्षा रेषा दस्ताच्या प्रकारावर आखावी. भाडेकरार, प्रतिज्ञापत्रे, बँकेच्या ठरीव नमुन्यातले दस्त यांना वकील लागतो असे म्हणणे अतिशयोक्ती आहे. लिव्ह अँड लायसन्सचा करार आज लोक ऑनलाइन नोंदवतातच. साधी खरेदीखते परवानाधारक दस्तलेखकाने खुशाल लिहावीत, शुल्काचा फलक लावून आणि विम्याच्या छत्राखाली. पण ज्या दस्ताने एक माणूस मोबदल्याशिवाय आपला हक्क सोडतो किंवा आपल्या वतीने विकण्याचा अधिकार दुसऱ्याला देतो, म्हणजे हक्कसोडपत्र, बक्षीसपत्र, मिळकतीचे कुलमुखत्यारपत्र, तिथे सोडणाऱ्याला त्याच्या स्वतःच्या वकिलाने समजावून सांगितल्याची सही सक्तीची करावी. इथे वकिलांचा विशेष हक्क खऱ्या अर्थाने उपयोगी पडतो. तो मसुद्याच्या मजकुरावर नाही, माणसाच्या बाजूने उभे राहण्यावर आहे.

यावर पहिला आक्षेप खर्चाचा येईल. गरीब बहिणीने वकिलाची फी कुठून आणायची? विधी सेवा प्राधिकरण कायदा, १९८७ च्या कलम १२ नुसार स्त्रिया, अनुसूचित जाती-जमातींच्या व्यक्ती आदींना उत्पन्नाची अट न लावता मोफत विधी सेवा मिळते, आणि तालुक्यापर्यंत समित्या आहेत. कलमाची भाषा ‘दावा लावणाऱ्या किंवा लढवणाऱ्या’ व्यक्तीची आहे, पण त्याच कायद्याने विधी सेवेच्या व्याख्येत सल्ल्याचाही समावेश केला आहे. नोंदणीपूर्व सल्ला त्यात स्पष्टपणे घालायला एक छोटी दुरुस्ती पुरेल. दुसरा आक्षेप अधिक गंभीर आहे: वकिलाची सही सक्तीची केली की सह्यांचा बाजार भरेल. हा धोका खरा आहे. मसुदा एकाचा आणि खाली शिक्का दुसऱ्या वकिलाचा, हा प्रकार कचेऱ्यांच्या आवारात कुणाला नवा नाही. सरसकट मक्तेदारीला माझा विरोध आहे तो याचमुळे. प्रत्येक दस्ताला वकील सक्तीचा केला तर दस्तलेखक तिथेच राहील, फक्त त्याच्या दरात सहीचे भाडे मिसळेल. मोजक्या दस्तांपुरती सक्ती ठेवली, सहीबरोबर सनद क्रमांक घेतला आणि त्या सहीमागे विमा असला, तर भाड्याने सही देणे महाग पडू लागते. विमा कंपनी जितक्या बारकाईने वर्षाला किती सह्या केल्या हे विचारेल, तितक्या बारकाईने बार कौन्सिल कधी विचारेल असे वाटत नाही.

तिसरा आक्षेप तरुण वकिलांचा आहे आणि त्याकडे सहानुभूतीने पाहायला हवे. परीक्षा, सनद, वर्षानुवर्षे ज्येष्ठांच्या हाताखाली उमेदवारी करून तालुक्याच्या न्यायालयात महिन्याला जेमतेम कमावणाऱ्या वकिलाला दस्ताचे काम हाच आधार असतो. तोही परवानाधारकाला द्यायचा का? पण त्याचे स्पर्धक टेबलावरचे दस्तलेखक नसून नाव न सांगता लिहिणारे सगळे आहेत, त्यात काही इस्टेट एजंट आले, काही झेरॉक्सवाले आले. लिहिणाऱ्याचे नाव आणि दायित्व सक्तीचे झाले तर सर्वांत आधी हे निनावी लोक बाजूला होतील, आणि ज्याच्याकडे खरोखर शिक्षण आहे त्याला त्याचा मोबदला मागता येईल.

मे २०२५ मध्ये केंद्राच्या भूसंसाधन विभागाने १९०८ च्या कायद्याची जागा घेणाऱ्या नव्या नोंदणी विधेयकाचा मसुदा लोकांच्या सूचनांसाठी जाहीर केला. नोंदणी ऑनलाइन करण्यावर त्याचा भर आहे. पडद्यावर भरलेल्या दस्तात लिहिणारा आणखीच दिसेनासा होतो, म्हणून लेखकाच्या नावाची आणि दायित्वाची तरतूद त्यात आत्ताच घातली पाहिजे. ही मागणी वकील संघटनांनी सर्वांच्या आधी करावी. आम्हीही सही करतो, असे म्हणून करावी. तोवर कुठल्याही दस्तावर सही करणाऱ्याने एक गोष्ट आजच मागून घ्यावी. दस्ताच्या शेवटी मसुदा करणाऱ्याचे पूर्ण नाव, पत्ता, सनद किंवा परवाना क्रमांक आणि सही. असे लिहून घ्यायला कोणत्याही कायद्याची आडकाठी नाही.